बाबांचं लादीन

माझ्या नातीनं, रियानं, मला न विचारता माझं नाव नोंदवलं आणि एका रविवारी सकाळी मी माझ्याच माहेरची आळी पाहायला वाटाड्या घेऊन निघाले. माणसाचं वय झालं की काय काय बघावं लागतं. वसईला आता 'लेखकांच्या आळीतून फेरी' निघते. होळीच्या बाजारापाशी जमायचं, गळ्यात छोटा ध्वनिक्षेपक अडकवलेला एक तरुण पुढं, आणि मागून टोप्या घातलेली, पाण्याच्या बाटल्या धरलेली मुंबईची माणसं. आमचा वाटाड्या गोखिवऱ्याचा होता, संकेत नावाचा. मुलगा गुणी, बोलणं गोड, अभ्यास करून आलेला. ज्या बांधावर मी लहानपणी शेण वेचलं तो बांध दाखवून तो मला म्हणाला, "आजी, जपून, इथे जमीन उंचसखल आहे." मी म्हटलं, बरं बाबा. मी कोण हे मी त्याला सांगितलं नव्हतं. रियाला तशी ताकीदच दिली होती. मला आधी ऐकायचं होतं की आमच्या घराबद्दल हा काय सांगतो, आणि मग एकच गोष्ट बोलायची होती. ती गोष्ट माझ्या भावानं कधी लिहिली नाही आणि मीही इतकी वर्षं कुणाला सांगितली नाही. ती होती बाबांच्या गाण्याची.

आमची आळी लेखकांची झाली ती आमच्या ओटीमुळे, असं म्हणण्यात मोठेपणा वाटेल, पण खरं आहे. ओटी प्रशस्त होती, शेणानं सारवलेली, समोर केळीची वाडी, त्यामुळे भर उन्हातही तिथं गार वाटायचं. पलीकडच्या हिंदू वाडीतले नाना मास्तर कादंबऱ्या लिहायचे. त्यांच्या घरात माणसं फार आणि जागा कमी, म्हणून दर रविवारी आमची चर्चमधली मिस्सा, म्हणजे उपासना, आटोपली की ते आमच्याकडे येऊन बसायचे. त्यांच्यामागून आणखी दोघेतिघे लिहिणारे यायला लागले आणि ज्यानं त्यानं आठवड्यात लिहिलेलं वाचून दाखवायची रीत पडली. आय आत चुलीवर फुगे तळायची. फुगे म्हणजे मैद्याचं आंबवलेलं पीठ मुठीतून पिळून तेलात सोडलेले गोळे. पीठ पिळायचं काम माझं. वाङ्मय म्हणजे काय ते मला तेव्हा कळत नव्हतं, पण वाङ्मयाला फार भूक लागते हे मात्र पक्कं कळलं होतं. फुगे संपले की कोनफळं उकडायची, कोनफळं संपली की सुकेळी, म्हणजे वाळवलेली केळी, काढायची. आय म्हणायची, यांचं लिहून होईस्तोवर आपली वाडी खाऊन व्हायची. पण चेहऱ्यावर आनंद असायचा. ज्या घरात बाबांना जेमतेम सही करता येत होती त्या घराच्या ओटीवर मास्तर लोक येऊन बसत होते, याचा तिला कोण अभिमान.

बाबा बागायती करायचे. केळी, पानवेली, थोडी भाजी. विहिरीवर रहाट होता आणि रहाटाला रेडा जुंपलेला असायचा. पहाटे रहाट सुरू झाला की त्याची कुरकुर आमच्या उशाशी यायची आणि त्या कुरकुरीवर बाबांचा आवाज चढायचा. ते रेड्यामागून गोल फिरत लादीन घोटायचे. ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगते. लादीन म्हणजे लॅटिनमधली लांबलचक विनवणी. एकानं एकेका संताचं नाव सुरात घ्यायचं आणि जमावानं 'आमच्यासाठी विनंती कर' या अर्थाचं पालुपद म्हणायचं. आळीच्या तोंडाशी जो क्रूस आहे, त्याच्यापुढे मे महिन्यात ते व्हायचं. कुणी वारलं तर त्याच्या घरी व्हायचं, लग्नाआधी मांडवात व्हायचं. पुढे मिस्सा मराठीत होऊ लागली, पण क्रुसापुढचं लादीन लोकांनी जुनंच ठेवलं. त्यातला शब्द कुणाला कळत नव्हता आणि कळायची गरजही नव्हती. आमच्या आळीत नाव घ्यायचा मान बाबांचा होता, त्यांच्याआधी त्यांच्या वडिलांचा. आमच्या घराण्याची चाल वेगळी होती. प्रत्येक नाव शेवटाला जरा खाली उतरायचं आणि तिथं थांबायचं, आणि त्या थांब्यात लोक आपापलं माणूस आठवून घ्यायचे. सांडोरहून बायका ते ऐकायला चालत यायच्या.

आता हेही सांगायला हवं, नाहीतर मी बाबांचा देव्हारा मांडला असं होईल. बाबा गाताना टाचा उचलायचे. एक डोळा मिटायचे. आदल्या दिवसापासून आल्याचा तुकडा गालात धरून कुणाशी बोलायचे नाहीत, जणू बिशपांनी बोलावणं धाडलं होतं. आणि लादीन झालं की जमलेल्यांना उकडलेले चणे आणि घोटभर दारू द्यायची पद्धत होती. चण्यांचं पातेलं मागं चुलीवर असायचं. शिजलेल्या चण्यांचा वास आला की बाबांचं लादीन जरा पळायला लागायचं. शेवटचे संत भराभर यायचे. आळीतल्या सगळ्यांना ते माहीत होतं, आणि कुणाला त्याचं काही वाटत नव्हतं, कारण चणे सगळ्यांनाच हवे असायचे. ते सूर आणि ती घाई, दोन्ही मिळून आमचे बाबा होते.

माझा थोरला भाऊ पास्कू, आम्ही त्याला दादा म्हणायचो, मुंबईला कचेरीत लागला होता आणि लिहायला लागला होता. आधी त्यानं कविता करून पाहिल्या. त्यातलं एकही अक्षर नाना मास्तरांना आवडलं नाही. ते त्याला म्हणायचे, तू लांबचं कशाला शोधतोस, घरात बघ. दादानं घरात बघितलं. पावसाळा सरत आलेल्या एका रविवारी त्यानं 'चण्यांचा वास' नावाचा लेख वाचला. नाव कुणाचंच नव्हतं त्यात, 'आमच्या आळीतला गवई' एवढंच. पण त्या गवयानं टाचा उचलल्या आणि एक डोळा मिटला की ओटीवरची माणसं वळून पायरीकडे बघायला लागली. पायरीवर बाबा केळीच्या सोपटाच्या दोऱ्यांनी सुकेळ्यांच्या पुड्या बांधत बसले होते. दादा नुसता वाचत नव्हता. तो जन्माचा नकलाकार. तो उभा राहिला, मिटलेला डोळा देवाकडे, उघडा डोळा पातेल्याकडे. चण्यांचा वास आला तसा त्याचा सूर पळू लागला आणि शेवटचे संत अरुंद दारातून एकदम घुसणाऱ्या वऱ्हाड्यांसारखे एकमेकांना ढकलत बाहेर पडले. नाना मास्तर डोळे पुसत होते. आत तेलाच्या कढईपुढे आय पदर तोंडाला लावून हलत होती, आणि मी हसता हसता फुगा असा सोडला की तेल उडालं. इतकं अचूक होतं ते. आज पुन्हा वाचलं तरी मला हसू येतं, आणि त्याबद्दल मी दादाला दोष देणार नाही. लेख चांगलाच होता. वाईट लेखानं एवढं नुकसान होत नाही.

आणि बाबाही हसले. सगळ्यांपेक्षा जास्त हसले. हातातली पुडी खाली ठेवून म्हणाले, "ते शेवटचं परत वाच." दादानं परत वाचलं.

त्या संध्याकाळी देवळाची, म्हणजे चर्चची, घंटा झाली आणि आम्ही रोझरीला, जपमाळेच्या प्रार्थनेला, गुडघ्यांवर बसलो. रोज बाबा सुरुवात करायचे. त्या दिवशी त्यांनी आयला सांगितलं, आज तू म्हण. आयनं म्हटली. रोझरी संपली की धाकट्यांनी थोरांपुढे हात जोडून आशीर्वाद मागायचा, ही आमच्याकडची रीत. भांडण झालं असेल तर त्या वेळी कळायचं, कारण थोर माणसाचा हात थोडा उशिरानं उठायचा. दादा पुढं झाला. बाबांचा हात लगेच उठला, त्याच्या डोक्यावर नेहमीसारखा टेकला. मी मुद्दाम बघत होते, कारण मला कुठंतरी धाकधूक होती. हात बघून माझा जीव भांड्यात पडला. सगळं ठीक आहे असं मी समजले, आयही समजली, दादा तर समजलाच. आम्ही घरातली चार माणसं, रोज एका ताटलीतली भाकरी मोडून खाणारी, आणि आमच्यातल्या तिघांना काही कळलं नाही.

लेख मासिकात छापून आला आणि दादा एका लेखानं लेखक झाला. लांबून पत्रं आली. नाताळच्या आधी आळीत एक म्हातारी वारली. बाबांना बोलावणं आलं, तर त्यांचा घसा बसलेला. आयनं आल्याचा काढा केला. मग एका लग्नात पुन्हा घसा बसलेला. आय मला म्हणाली, यांना कुणाची तरी दृष्ट लागली. पहाटे रहाट कुरकुरायचा, पण त्याच्यावर आवाज चढत नव्हता. आम्ही म्हणायचो, घसा आहे, होईल बरा. घसा पानवाल्याशी घासाघीस करताना मात्र ठणठणीत असायचा, हे आमच्या लक्षात कसं आलं नाही याचं मला आता नवल वाटतं. डोळ्यांदेखत घडतं तेच माणसाला दिसत नाही, दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच.

मग मे महिना आला. क्रुसाला चुना लावला, मोगऱ्याच्या माळा घातल्या, मेणबत्त्या लागल्या. सगळी आळी जमली. बाबा नेहमीच्या जागी, क्रुसाच्या उजव्या हाताला येऊन उभे राहिले. पांढरा सदरा आयनं धुऊन ठेवला होता. माणसं गप्प झाली. बाबांनी मान वर केली, तोंड उघडलं, टाचा थोड्या उचलल्या आणि त्या उचललेल्या टाचांकडे त्यांनी खाली बघितलं. बघितलं आणि टाचा जमिनीला टेकवल्या. तोंड उघडंच होतं. त्यातून काही आलं नाही. मागून कुठूनतरी एक पोरगी फिसकन हसली, तिच्या आईनं तिला चापट मारली. बऱ्याच वेळानं बाजूच्या वाडीतल्या एका म्हाताऱ्यानं खाकरून पहिलं नाव घेतलं, आणि लोकांनी सुटका झाल्यासारखं पालुपद उचललं. बाबा तिथंच उभे राहिले, शेवटपर्यंत. चणे वाटले तेव्हा त्यांनी हात पुढं केला नाही.

दादाला त्या दिवशी कळलं. दुसऱ्या सकाळी तो विहिरीवर गेला. मी पाणी भरायच्या निमित्तानं मागं गेले. दादा रेड्यामागून बाबांच्या बरोबरीनं चालत बोलत होता. मी तो लेख पुन्हा कुठं छापू देणार नाही म्हणाला. दुसरा लिहितो म्हणाला, तुमच्या सुरावर, सांडोरच्या बायकांवर. बाबांनी रेड्याला थांबवलं. रहाट थांबला तशी सगळ्या वाडीत एकदम शांतता झाली. पुढचं बोलणं मी त्यांच्या बोलीतलं थोडं चाळून लिहिते, जसंच्या तसं लिहिलं तर पुण्याच्या वाचकाला दुभाषा लागेल.

"तू लिवलं ते खोटं नाय, पास्कू," बाबा म्हणाले. "खोटं असतं तं मी भांडलो असतो. मी चण्यांकडं बघायचो, हे मला तूच हांगितलं. तवर मला ठाऊक नव्हतं."

दादा म्हणाला, "मग मला मारा तरी."

"मारून काय होल. मी तोंड उघाडलं का मला मीच दिसतो. टाचा वर करून उभा. सोताला बघत माणूस गाईल कसा, तूच हांग."

बाबांनी रेड्याच्या पाठीवर थाप मारली आणि रहाट पुन्हा कुरकुरायला लागला.

त्यानंतर बाबा पुष्कळ वर्षं जगले, हसले, भांडले, केळीचे लोंगर वाहिले. दादाशी त्यांचं कधी बिनसलं नाही. दादाची पुस्तकं निघाली की ती हातात घेऊन, उलटीसुलटी करून, कपाटावर ठेवायचे. माझ्या लग्नाच्या मांडवात लादीन दुसऱ्या कुणीतरी म्हटलं आणि मी वधूच्या वेषात बसून बाबांच्या तोंडाकडे बघत राहिले. आय गेली तेव्हा ते तिच्या उशाशी बसले होते. लादीन चाललं होतं आणि त्यांचे ओठ हलत होते. मला वाटलं, आयसाठी तरी ते म्हणताहेत. मी वाकून कान त्यांच्या तोंडाजवळ नेला. नुसता श्वास येत होता. ते मला कळलं तेव्हा मी आयसाठी रडत होते की त्या श्वासासाठी, हे मला आजही सांगता येणार नाही. दादानं पुढं किती गंभीर लिहिलं, भलं भलं लिहिलं, पण त्याला जिथं तिथं लोक 'चण्यांचा वास' वाचा म्हणायचे, आणि तो दर वेळी नाही म्हणायचा. लोकांना वाटायचं, मोठा झाला, विनोद सोडला. तो गेला त्यालाही आता काही वर्षं झाली. त्याची मुलं परदेशी. त्यांनी लेख फेरीत वाचायला परवानगी देऊन टाकली, आणि घर एका हौशी माणसाला दिलं, त्यानं ओटीवर कॉफीचं दुकान काढलं. ओटीला आता फरशी आहे. रहाटाचं चाक शोभेसाठी भिंतीला टेकवून ठेवलंय, बिचाऱ्याला कुरकुरायचीही सोय नाही.

तर त्या रविवारी फेरी क्रुसापाशी थांबली. संकेतनं लेखातला उतारा वाचला आणि छान वाचला. बोरिवलीचे एक बँकेतले गृहस्थ पोट धरून हसले, कॉलेजच्या मुली हसल्या, आणि काय सांगू, मलाही हसू आलं. मग संकेत म्हणाला की या लेखामुळे लेखकाचे वडील इतके संतापले की त्यांनी मुलाशी बोलणंच टाकलं, मरेपर्यंत. लोक अरेरे म्हणाले. असल्या गोष्टीत राग लोकांना पटकन पटतो.

"रागावले नव्हते," मी म्हटलं.

सगळे वळले. मग सांगावंच लागलं की मी त्या लेखकाची बहीण, ते कॉफीच्या दुकानाचं घर माझं माहेर. संकेतचा चेहरा उतरला. तो ओशाळून माफी मागायला लागला, मी त्याला म्हटलं, तुझी चूक नाही, तुला कोण सांगणार होतं. त्यानं गळ्यातला ध्वनिक्षेपक काढला आणि माझ्या हातात दिला. मी बोलले. बाबा हसले होते, आशीर्वाद दिला होता, आणि मग गायचं थांबले, हे सांगितलं. त्यांची चाल घराण्याची होती आणि त्यांच्यानंतर ती कुणी म्हटली नाही, हे सांगितलं. सूर फार सुरेख होता, हे दोनदा सांगितलं. माणसं खरंच शांत होऊन ऐकत होती. मला वाटलं, झालं, इतक्या वर्षांनी बाबांचं कुणीतरी ऐकलं.

तेवढ्यात कॉलेजातली एक मुलगी म्हणाली, "आजी, कसे गायचे ते? थोडंसं म्हणून दाखवा ना."

तिनं मनापासून विचारलं होतं. मी क्रुसाच्या उजव्या हाताला उभी राहिले. बाबांचा आवाज आठवण्यासाठी डोळे मिटले. पहिलं नाव घेतलं, ते बरं आलं. दुसरं शेवटाला उतरवायचं होतं, थांबायचं होतं. ते उतरेना. मी पुन्हा प्रयत्न केला आणि माझ्या लक्षात आलं की मला जो आवाज ऐकू येतोय तो पहाटेचा नाही, रहाटावरचा नाही. तो ओटीवरचा आहे, त्या रविवारचा, दादाचा. थांबायला हवं होतं. पण तोंड सुरूच राहिलं, एकामागून एक संत येत गेले, आणि शेवटाला माझा सूर आपोआप पळायला लागला. लोक हसले. मग सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, फार प्रेमानं. संकेतनं फोनवर ते टिपलं होतं, म्हणाला, आजी, आता प्रत्येक फेरीत हेच ऐकवीन, खुद्द घरातलं.

परतताना रियानं माझा हात धरला होता. तिचे डोळे चमकत होते. "पणजोबा असंच गायचे?" तिनं विचारलं.

मी हो म्हटलं. तिला द्यायला माझ्याकडे दुसरं काही उरलं नव्हतं.